भट्टी माझी, डबा आमचा

"निकाल कुणाला सांगायचा?" नर्सनं विचारलं, तेव्हा दिवाकर झाडे शर्टाची बाही खाली करत होता. त्यानं बाजूला बसलेल्या बहिणीकडे मानेनंच खूण केली.

"हिलेच सांगा. औषधपाणी हीच पाह्यते. मले कायले तो त्रास?"

नर्सनं पडद्यावर काहीतरी टिपलं, त्याचा अंगठा घेतला आणि पुढच्या माणसाला हाक मारली. खोकल्याचं औषध घ्यायचं आणि चंद्रपूरहून दुपारच्या बसनं कॉलनीत परतायचं, एवढंच तेव्हा दोघांच्या डोक्यात होतं.

चार दिवसांनी डॉक्टर फरहा शेख यांनी कुंदाला एकटीलाच बोलावून घेतलं. डॉक्टर तरुण होत्या आणि वाईट बातमी सांगायची सवय त्यांना अजून झाली नसावी, कारण आधी त्यांनी कुंदाला पाणी दिलं, मग पंखा वाढवला, मग पुन्हा कमी केला.

"ताई, फुप्फुसात भट्टीची धूळ बसलेली आहे, ते तुम्हाला माहीतच आहे. पण साठीपुढचा कुणीही आला की आम्ही आयुर्मानही काढतो."

"ते उरलेलं म्हणतात, तेच ना?"

"तेच. तुमचे भाऊ येणारा उन्हाळा पुरा काढतील असं वाटत नाही."

कुंदानं डॉक्टरांकडे पाहिलं, मग त्यांच्या मागच्या कॅलेंडरकडे. पावसाळा नुकताच लागला होता.

"मंग त्याले तेलतिखट चालते का?" तिनं विचारलं.

"काहीही चालतं," डॉक्टर म्हणाल्या, आणि त्यांनाच रडू फुटलं. मग कुंदानंच त्यांना पाणी दिलं.

हे 'उरलेलं' प्रकरण तसं जुनं नव्हतं. माणसाची जनुकं जन्मभर तीच राहतात, पण त्यांच्यावर मिथाइल नावाच्या रसायनाचे बारीक ठिपके बसत जातात, आणि कोणतं जनुक चालू राहणार, कोणतं बंद पडणार, हे पुष्कळसं त्या ठिपक्यांवर असतं. वय वाढतं तशी त्यांची मांडणी बदलते, पण सगळ्यांची सारख्या वेगानं बदलत नाही. कुणाचं शरीर पन्नाशीतच थकतं, कुणाचं सत्तरीतही टुणटुणीत असतं. शास्त्रज्ञांनी लक्षावधी माणसांचं रक्त वर्षानुवर्षं साठवलं, त्यातलं कोण कधी गेलं याची नोंद ठेवली, आणि मग संगणकाला ते ठिपके वाचायला शिकवलं. सुरुवातीला तो दहा-दहा वर्षांनी चुकायचा. आता, अपघात सोडला तर, साठीपुढच्या माणसाच्या बाबतीत तो दोन-तीन महिन्यांपलीकडे चुकत नव्हता. 'अवशिष्ट आयुर्मान चाचणी' हे तिचं नाव फक्त सरकारी कागदावर राहिलं. चहाच्या टपरीवर लोक डाळीचा भाव विचारावा तसं विचारू लागले, "काय गा, तुयं उरलेलं काढलं का?" आणि विचारणारा स्वतः मात्र दवाखान्याच्या दारावरून अंग चोरून जायचा. माणसाला दुसऱ्याचं मरण कळलेलं चालतं, स्वतःचं चालत नाही. कायद्यानंही एवढी दया ठेवली होती, की ज्याला ऐकायचं नाही त्याला सांगायचं नाही. त्याऐवजी त्याला सांभाळणाऱ्या एका माणसाला सांगायचं, म्हणजे औषधाची, पैशाची सोय करता येते. दिवाकरनं ते ओझं कुंदाकडे दिलं होतं, बाजाराची पिशवी द्यावी तसं.

त्या दोघांचं घर म्हणजे वैनगंगा पोर्सिलेन कारखान्याच्या कॉलनीतलं दोन खोल्यांचं क्वार्टर. कुंदाचा नवरा लग्नाच्या तिसऱ्या वर्षी सुरतेला कामाला म्हणून गेला आणि तिथेच दुसरा संसार मांडून बसला. तेव्हा दिवाकर तिला घेऊन आला, तो एक शब्दही न बोलता. फक्त तिची ट्रंक खांद्यावर घेऊन पुढे चालत राहिला. त्याची स्वतःची बायको पहिल्याच बाळंतपणात बाळासकट गेली होती. त्यानंतर दोघंच. कुंदा त्याच्यावर खेकसायची, तो हसायचा, असं करत दोघंही म्हातारे झाले. गावाला त्यात काही नवल वाटत नसे.

कारखाना विजेच्या खांबांवरचे चिनी मातीचे इन्सुलेटर करायचा. तो बंद पडून आता बरीच वर्षं झाली होती, पण कामगारांचा खटला जिवंत होता. त्यांची पेन्शन त्यांच्या खऱ्या पगारावर धरलेलीच नव्हती, सरकारनं ठरवलेल्या एका ठेंगण्या मर्यादेवर धरली होती. त्यामुळे आयुष्यभर आगीपुढे उभ्या राहिलेल्या माणसाला महिन्याचा किराणा भरेल एवढेही पैसे मिळत नसत. पूर्ण पगारावर पेन्शन द्या, अशी त्यांची मागणी होती. त्यासाठी निवृत्त होताना हाती आलेल्या भविष्यनिर्वाह निधीतला मोठा हिस्सा व्याजासह परत भरावा लागणार होता, आणि त्यालाही ते तयार होते. अर्जदारांच्या यादीत पहिलं नाव दिवाकर झाडेचं होतं. अकरा वर्षं तो नागपूरला खेटे घालत होता.

त्या वर्षी भाद्रपदात सुनावणी लागली. कॉलनीतून एक बस भरून माणसं गेली, कुंदाही गेली. न्यायालयात आता भिंतीवर सगळ्या बोलण्याचा मराठी तर्जुमा उमटत असे, त्यामुळे पहिल्यांदाच त्या लोकांना आपल्याबद्दल काय बोललं जातंय ते कळत होतं. निधीच्या कार्यालयाचा वकील तरुण आणि अदबशीर होता. तो म्हणाला, "आमचा न देण्याचा हट्ट नाही. पण काळ बदललाय. पेन्शन म्हणजे काय? सगळे सारखं भरतात. लवकर जातात त्यांचं मागे राहतं, आणि ते उशिरा जाणाऱ्यांना मिळतं. कोण कधी जाणार हे कुणालाच ठाऊक नसतं म्हणून हे चालतं. आता ठाऊक होतं. ज्याची वीस वर्षं उरली तो धावत येऊन पैसे भरेल. ज्याचं एक वर्ष उरलं तो भरणारच नाही, पैसे घरी ठेवील. मग उशिरा जाणाऱ्यांना आम्ही द्यायचं कुठून? प्रत्येकानं आपलं उरलेलं आयुष्य नावानिशी जाहीर करावं, आणि त्याप्रमाणे पेन्शन ठरावी."

कुंदा भिंतीवरची अक्षरं वाचत होती. 'ज्याचं एक वर्ष उरलं' हे शब्द तिथे जरा जास्तच वेळ राहिले असं तिला वाटलं.

कामगारांच्या वकील आष्टनकरबाई उठल्या. त्या म्हणाल्या, "अंधारात सही केली तर पेन्शन उभी राहते, हे आमच्या विद्वान मित्रांनीच सांगितलं. माझे अशील अंधारातच सही करतील."

"किती जण?" न्यायमूर्तींनी विचारलं.

"सगळे."

न्यायमूर्तींनी चष्मा काढला, पुसला. मग आदेश लिहवून घेतला. सगळे अर्जदार एकत्र आले, एकही जण बाहेर राहिला नाही, आणि 'मला माझं उरलेलं आयुष्य माहीत नाही' असं प्रत्येकानं शपथेवर लिहून दिलं, तर सगळ्यांना पूर्ण पगारावर पेन्शन. एकानंही माघार घेतली किंवा एकाचंही प्रतिज्ञापत्र खोटं निघालं, तर मात्र नावानिशी चाचणी. सगळे किंवा कुणीच नाही. दिवाळीच्या सुट्टीआधी सह्या हव्यात.

परतीच्या बसमध्ये लोक गुलाल उधळायचेच बाकी होते.

पुढच्या रविवारी समाजमंदिरात सभा भरली. आष्टनकरबाई नागपूरहून आल्या होत्या. त्यांनी सरळच विचारलं, "इथे कुणाचं उरलेलं काढलेलं आहे का? आत्ताच सांगा. नंतर निघालं तर सगळेच बुडाल."

सतरंजीवर चुळबुळ झाली. मग दिवाकर उठला.

"माझं काढलं आहे. पण मले सांगितलं नाही. कुंदीले माहीत आहे."

सगळ्या माना बायकांच्या बाजूला वळल्या. कुंदानं पदर सारखा केला आणि समोरच्या खांबाकडे बघत बसली.

आष्टनकरबाई दिवाकरकडे वळल्या. "तुम्हाला माहीत नाही ना? मग शपथ खोटी होत नाही. तुमच्या बहिणीला काय माहीत आहे, ते कोर्टानं विचारलेलं नाही."

तरी काही जण कुरकुरतच होते. घरातला पैसा बाहेर काढायचा, आणि उद्या आपणच आधी गेलो तर? शालिक मत्ते हा दिवाकरचा भट्टी खात्यातला जोडीदार, जिभेचा तिखट. तोसुद्धा म्हणाला, "अबे, म्हंजे मी मेलो तर माझ्या पैशानं तुमी दिवाळी करान?"

"हाव," दिवाकर म्हणाला. "आन् मी मेलो तर माझ्या पैशानं तू करजो. ठिकरी विसरला का?"

शालिकनं मान खाली घातली, आणि भट्टी खात्यातले सगळेच एकमेकांकडे बघू लागले.

ठिकरीची गोष्ट अशी. भट्टी विझली की दोन दिवस निवू द्यायची असा नियम होता, पण मालाची घाई असली की एका दिवसातच दार फोडावं लागे. मग आत पहिल्यांदा जायचं कुणी? पाठीवर ओलं पोतं घेऊन एकानं आत शिरायचं आणि वाट मोकळी करायची. चंद्रपूरच्या उन्हाळ्यात बाहेरच अंग भाजतं, तिथं आत काय होत असेल ते सांगायला नको. त्यासाठी फुटक्या इन्सुलेटरच्या ठिकऱ्या एका बादलीत टाकत. सगळ्या खरबरीत, एकीवर मात्र तपकिरी चकाकी. बोटाला ती गुळगुळीत लागली असती, म्हणून ठिकरी काढताना प्रत्येकाच्या हाताला ओल्या गोणपाटाचा मोजा असे. सगळ्यांनी काढून होईपर्यंत कुणी मूठ उघडायची नाही. मग एकदम उघडायच्या. ज्याच्या हातात चकाकी असेल त्यानं म्हणायचं, "भट्टी माझी." आणि बाकीच्यांनी एका सुरात, "डबा आमचा." त्या दिवशी त्याचं जेवण, त्याच्या घरची पोरंबाळं, बाजार, पाणी, सगळं बाकीच्यांनी बघायचं. आत गेलेल्या माणसानं घराची काळजी करायची नाही. इतक्या वर्षांत कुणी मोज्याला भोक पाडलं नव्हतं.

"तशीच मूठ आहे ही," दिवाकर म्हणाला. "उघडाची नाही, बस."

हात एकेक करून वर गेले. शालिकचा शेवटी, पण गेला.

सभा संपल्यावर आष्टनकरबाईंनी कुंदाला चिंचेखाली गाठलं. "कुंदाताई, मी तुम्हाला काही विचारत नाही. विचारणारही नाही. पण सह्या होईपर्यंत त्यांना कळता कामा नये. तुमच्या तोंडून नाही, आणि तोंडावरूनही नाही. ते खोटी शपथ घेणारे नाहीत. कळलं तर ते सही करणार नाहीत, आणि मग तीनशेच्या वर घरांची अकरा वर्षं पाण्यात."

"समजते मले," कुंदा म्हणाली.

तिला सगळंच समजत होतं, हीच तर पंचाईत होती. कॉलनीतली क्वार्टरं राहणाऱ्यांनाच विकत मिळणार होती. त्यासाठी दिवाकरनं निवृत्तीची रक्कम बँकेत जपून ठेवली होती. ती निधीत परत गेली, तर वाढीव पेन्शनमधून हप्ते फेडायचे. दिवाकर सात-आठ वर्षं जगला तर क्वार्टर आरामात त्यांचं झालं असतं. आणि उन्हाळ्यात गेला तर? नव्या नियमावलीत पेन्शनरामागे नवरा, बायको आणि लहान मुलं एवढ्यांनाच हक्क होता. बहीण तिथे कुठेच बसत नव्हती. म्हणजे भाऊही गेला, छप्परही गेलं, आणि साठीपुढची कुंदा पुन्हा एकदा ट्रंक घेऊन रस्त्यावर. फरक एवढाच, की या वेळी ती खांद्यावर घ्यायला कुणी नव्हतं.

पण त्याहून अवघड होतं ते रोजचं जगणं. पहिल्याच आठवड्यात तिनं दिवाकरच्या आवडीची भरल्या वांग्याची भाजी केली, तर त्यानं ताटावरून मान वर करून तिच्याकडे नुसतं पाहिलं. दुसऱ्या दिवशी तिनं मुद्दाम पातळ वरण आणि भात टाकला, वर खेकसली, "रोज रोज वांगे कोण देते तुले?" तेव्हा तो निर्धास्त होऊन जेवला. तेव्हापासून तिनं धडाच घेतला. भाजीत मीठ नेहमीएवढंच. दूध नेहमीएवढंच. त्याला रात्री खोकला आला की उठून पाठ चोळावीशी वाटे, पण आजवर कधी चोळली नव्हती, म्हणून ती भिंतीकडे तोंड करून पडून राही आणि म्हणे, "खोकलत बसू नको, पाणी पे." प्रेम करायचं ते नेहमीच्याच मापानं, नाहीतर त्याला कळेल. हे असलं काही कुणी कुणाच्या वाट्याला देऊ नये.

कॉलनी तर तिच्या तोंडाकडे डोळे लावूनच बसली होती. तिनं बाजारातून महाग सफरचंद घेतलं की कुजबुज. ती देवळात जास्त वेळ बसली की कुजबुज. एकदा शालिक नळावर भेटला आणि म्हणाला, "कुंदाताई, जरा हसत जा ना. लोकं घाबरून राह्यले."

"तुमचं थोबाड पाहून कोण हसन?" ती म्हणाली. शालिक खूश होऊन गेला आणि संध्याकाळपर्यंत सगळीकडे सांगत सुटला, की दिवाकरभाऊ ऐंशी गाठते.

सह्यांचा दिवस आला. सकाळी नागपूरला जायच्या बसगाड्या लागल्या होत्या, हॉर्न वाजत होते. दिवाकर धुतलेला पांढरा सदरा घालून उंबऱ्यावर बसला होता आणि चपलेचा पट्टा लावता लावता थांबला होता.

"कुंदे, इकडे ये."

ती हात पुसत आली.

"मी तुले किती ते इचारत नाही. इचारणार बी नाही. पण पैसा एकट्या माझा नाही. तुयाबी आहे. मी गेलो तर तुले कोणी नाही, हे मले माहीत आहे." तो तिच्याकडे न बघता बोलत होता. "एवढंच सांग. सही करू का नको?"

कुंदाच्या हातातला फडका तसाच राहिला. नको म्हटलं, की त्याला कळलं. मग तो बसमध्ये चढून सगळ्यांपुढे हात जोडील आणि सांगेल, की माझी शपथ खोटी होते, मी सही करू शकत नाही. आणि घरी येऊन तो उन्हाळ्याची वाट बघत बसेल. हो म्हटलं, तरी त्याला काहीतरी कळणारच होतं; बहीण स्वतःच्या छपराला आग लावून देणार नाही, एवढा हिशेब कुणीही केला असता. हो म्हणजे पुष्कळ वर्षं. हो म्हणजे तो हसत बसमध्ये चढेल.

कुंदाला त्या क्षणी स्वतःची फार भीती वाटली. म्हातारपणी दुसऱ्याच्या पडवीत झोपणारी एक बाई तिला दिसली, आणि ती बाई तीच होती. 'नको' हा शब्द अगदी ओठावर आला होता. तिला जगायचं होतं, आणि त्यात लाजण्यासारखं काही नव्हतं.

"मले काय इचारतं?" ती ओरडलीच. "करून टाक ना सही. अन् येताना बर्डीच्या बाजारातून माझ्या चष्म्याची दांडी बसवून आण. मागच्या खेपेलेही विसरून आला."

दिवाकर तिच्याकडे बघत राहिला. मग त्याच्या चेहऱ्यावर हळूहळू असं काही पसरत गेलं, की तिला तिथे उभं राहवेना. ती आत गेली आणि रिकामं पातेलं घासत बसली. बाहेर बस निघाल्याचा आवाज आला. बसमध्ये कुणीतरी जोरात हसलं, तो दिवाकरच होता.

निकाल लागला, पेन्शन सुरू झाली. कॉलनीत कुणी दात बसवून घेतले, कुणी नातीचं शिक्षण पुढे नेलं. शालिकनं आयुष्यात पहिल्यांदा गादी विकत घेतली आणि पाठ दुखते म्हणून परत जमिनीवर झोपू लागला. दिवाकर तर वीस वर्षांनी लहान झाल्यासारखा वागत होता. त्यानं अंगणात सीताफळाचं रोप लावलं. "तीन-चार वर्षांनी धरते," तो म्हणाला. कुंदा त्याला रोज पाणी घालायची. कधीकधी तिला वाटे, आपण त्याला हे सहा महिने दिले, जे खरं सांगून देता आले नसते. कधी वाटे, आपण त्याला फसवलं. दोन्ही खरं होतं, आणि दोन्ही घेऊनच ती भाकरी थापायची.

संक्रांतीच्या सुमारास तो म्हणाला, "कुंदे, आपण समुद्र कधी पाह्यला नाही. पुढच्या वर्षी जाऊ."

"पुढच्या वर्षी कायले?" ती बोलून गेली. "औंदाच जाऊ. लवकर जाऊ."

बोलली, आणि आपण काय बोललो ते तिच्या लक्षात आलं. दिवाकर तिळाचा लाडू खात होता. तो थोडा वेळ चावतच राहिला. मग म्हणाला, "चाल. तू म्हणशील तसं."

गेले दोघं हर्णैला. दिवाकर पँट गुडघ्यापर्यंत दुमडून बराच वेळ पाण्यात उभा राहिला. कुंदा काठावरून ओरडत होती, "मांगं सर, वाहून जाशील!" तो मागे वळला, तिच्याकडे बघून हसला, आणि खरंच मागे सरला.

परत आल्यावरही तो तसाच वागत होता. सीताफळाला आळं केलं. हप्त्याचा हिशेब मांडला. कुंदाला हायसं वाटलं, की निसटलेला शब्द त्याच्या लक्षात आला नाही.

तो वैशाखात गेला. पहाटे खोकला आला, कुंदा उठली, आणि या वेळी तिनं पाठ चोळली. आता लपवायचं काही उरलं नव्हतं. "खोकलत बसू नको," ती म्हणाली, पण तिच्या आवाजात राग कुठेच नव्हता. तो तिचा हात धरूनच गेला.

तेरवी झाल्यावर तिनं ट्रंक बाहेर काढली. वाढीव पेन्शन बंद झाली होती, हप्ते भरायचे कुठून? दूरच्या चुलतबहिणीनं राजुऱ्याला ये म्हणून सांगितलं होतं, पण ते ज्या सुरात सांगितलं होतं तो सूर कुंदाला ओळखीचा होता. ती साड्या घडी करत होती, तेवढ्यात दारात सावली पडली. शालिक मत्ते होता. मागे भट्टी खात्यातली सगळी माणसं, आणि प्रत्येकाच्या हातात डबा. त्यांनी ते डबे ओट्यावर मांडले. ओटा पुरला नाही, तेव्हा जमिनीवर.

"हे काय आणलं? तेरवी झाली ना परवाच."

"भट्टीतल्याचा डबा आहे," शालिक म्हणाला. त्याचा तिखटपणा कुठल्या कुठे गेला होता. "कुंदाताई, क्वार्टर सोडू नका. हप्ते आमी भरतो. सगळे थोडे थोडे. कॉलनीच्या सोसायटीत ठराव झाला आहे."

"तुमी कायले? मी कोण तुमची?"

"समुद्रावरून आल्यावर दिवाकरनं आमाले बोलावलं होतं. बंद भट्टीच्या शेडमध्ये. आमाले वाटलं, पार्टी देते. तो उभा राह्यला अन् मने," शालिकनं खाकरून घेतलं. "मने, 'भट्टी माझी.'"

कुंदा ट्रंकेच्या काठावर बसली.

"म्हंजे त्याले..."

"तुमी 'औंदाच' म्हणल्या, तवा कळलं त्याले. सह्या झाल्या होत्या, शपथ खोटी नव्हती. मने, कुंदीले सांगू नका मले समजलं म्हणून. तिनं मोठ्या कष्टानं झाकून ठेवलं आहे."

"मंग मी," कुंदानं घडी केलेली साडी पुन्हा उलगडली. "मी तिकडून आल्यावर बी त्याच्यावर खेकसतच राह्यली. त्याले माहीत होतं, अन् मी पातळ वरण टाकत राह्यली. मले एकदा सांगायचं होतं ना त्यानं. मी रोज वांगे केले असते."

"त्याले तेच पाह्यजे होतं. मने, ती खेकसते तोवर घर चालू आहे."

ती रडली. तोंड लपवून, आवाज करून, इतक्या महिन्यांचं एकदम. पुरुष माणसं अवघडून उभी राहिली. कुणाला पुढे व्हायचं सुचेना, कुणाला निघून जायचं सुचेना. मग भट्टी खात्यातल्या त्या म्हाताऱ्यांनी, कुणी खूण न करता, दबल्या आवाजात म्हटलं, "डबा आमचा."

बऱ्याच वेळानं कुंदानं डोळे पुसले. सकाळपासून पोटात काही नव्हतं. तिनं जवळचा डबा ओढला, भाकरीचा तुकडा मोडला, भाजीत बुडवून तोंडात घातला, आणि चावता चावता थांबली.

"कोणाच्या घरची आहे हे भाजी?"

"माझ्या," शालिक दचकून म्हणाला.

"मीठ टाकाले काय झालं होतं तुमच्या बायकोले?"

कुणीतरी मागून हसलं. शालिक घाईघाईनं मिठाची बरणी शोधायला आत गेला, आणि कुंदा बाहेरून ओरडून सांगू लागली, की बरणी डाव्या फळीवर आहे, अन् चपला काढून जा.